केळकर संग्रहालय : वीस हजारांतल्या अडीच हजारच का?

पानसुपारी : पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात वीस हजारांवर वस्तू आहेत, मांडलेल्या जेमतेम अडीच हजार. दिनकर गंगाधर केळकर (१८९६–१९९०), व्यवसाय चष्म्यांचा, कविता 'अज्ञातवासी' या नावाने. १९२०च्या सुमारास त्यांनी जमवायला सुरुवात केली आणि जीव रमला तो घरातल्या रोजच्या जिनसांत : अडकित्ते, समया, वज्र्या, दौती. अशा संग्रहाची गंमत संख्येत असते. एक अडकित्ता पाहून माणूस 'वा' म्हणतो आणि पुढे सरकतो. पन्नास शेजारी ठेवले की बिजागरी कुठे बसवली, दांड्याचा पोपट कुठे केला आणि कुठे घोडा, हे त्याचं त्यालाच दिसू लागतं. रोटरडॅमच्या बॉयमन्स संग्रहालयाने २०२१मध्ये आपलं अख्खं कोठारच लोकांना उघडं केलं. तेही मुळात एका संग्राहकाच्या देणगीतूनच उभं राहिलेलं. मग इथे काचेच्या झाकणाचे, लोकांनी ओढून बघायचे खण का नकोत?

दमट हवा : रोटरडॅमचं अर्धंच सांगितलंत. तिथे वस्तू काळाप्रमाणे किंवा शैलीप्रमाणे नाहीत, लागणाऱ्या हवामानाप्रमाणे ठेवल्या आहेत. इथे बाजीराव रस्त्याची धूळ आणि पावसाळ्यातली ऐंशी-नव्वद टक्के आर्द्रता. अडकित्त्याचंच घ्या. दांडे पितळी, पातं लोखंडी. दोन धातू खिळ्यापाशी भेटतात, मध्ये ओल शिरली की लोखंड आधी गंजतं. गंज फुगतो, खिळा तटतो, मग कुणीतरी उघडून बघायला जातं आणि दांडा मोडतो. चित्रकथींची, म्हणजे कथा सांगताना दाखवायच्या चित्रांची, गोष्ट आणखी नाजूक. दोन कागद पाठीला पाठ लावून खळीने चिकटवलेले असतात, आणि खळ म्हणजे कसरीला जेवण. रंगांना ५० लक्सच्या (लक्स म्हणजे उजेड मोजायचं एकक) वर उजेड नको. तेवढ्यावरही रोज ८ तास, ३०० दिवस म्हणजे वर्षाला १,२०,००० लक्स-तास. उडालेला रंग कोठारात ठेवून परत येत नाही.

पानसुपारी : चित्रकथी मी मागितल्याच नव्हत्या. त्या फिरत्या ठेवा, चार महिने बाहेर आणि पुढची काही वर्षं अंधारात. आणि खण बंद म्हणजे अंधारच की! कुणी ओढेल तेवढाच उजेड.

खिळेमोळे : उजेडाचं गणित बरोबर आहे, पण खण कशाचा करणार? प्लायवूड आणि एमडीएफमधून (लाकडाच्या भुश्शाचे दाबलेले फळे) आम्लाची वाफ सुटते, बंद जागेत ती धातूला खाते. पावडर-कोटिंग केलेलं पोलादच हवं. खाली मखमल किंवा लोकरी फेल्ट नको, लोकरीतल्या गंधकाने चांदी काळी पडते. पॉलिएथिलीन फोम घ्या, वस्तूच्या आकाराचा खळगा कापा, म्हणजे खण ओढताना ती घरंगळत नाही.

सिलिका जेलचा (ओल शोषणारे दाणे) ठोकताळा घनमीटरला २० किलो. ९० × ६० × १५ सेंमीच्या खणाला सुमारे १.६ किलो झालं. पण खण हवाबंद नसेल तर पावसाळ्यात ते काही दिवसांत भरतं, म्हणून आधी गॅस्केट (फट बंद करणारी पट्टी), मग जेल. लोखंडी पात्यांना ४० टक्के आर्द्रतेखाली ठेवा. हस्तिदंती मुठीची वस्तू त्याच खणात टाकलीत तर मात्र ती तडकेल. तिला ४५ ते ५५ लागतं.

दमट हवा : म्हणजे अडकित्त्यांची ओळ मोडलीच ना? अर्धे इकडे, हस्तिदंती तिकडे.

खिळेमोळे : मोडू द्या. त्या जागी छायाचित्र आणि क्रमांक ठेवा. मस्तानी महालसुद्धा कोथरूडहून उचलून आणून इथे उभा केलाय, तेव्हा मूळ जागेचा एवढा आग्रह या वास्तूत कशाला?

समईची काजळी : खणांआधी एक काम. धातू चिंचेने घासणं बंद करा. प्रत्येक घासणीला नक्षीचा थर जातो, शिवाय समईच्या वाटीतलं जुनं तेल आणि काजळी हाच ती पेटत होती याचा पुरावा. मऊ ब्रशने धूळ काढा, बस्स. क्रमांक घालताना थेट धातूवर शाई नको. आधी पॅरालॉइड बी-७२ या पारदर्शक ॲक्रिलिक रेझिनचा ॲसिटोनमधला पातळ थर, सुकला की शाई, वर पुन्हा थर. चुकला तर ॲसिटोनने पुसता येतो. आणि ती वस्तू कोणत्या गावची, कुणी विकली, याची जुनी टिपणं असतील तर त्याच क्रमांकाखाली नोंदवा. खण नंतरही करता येतील.

पानसुपारी : बरं. पण क्रमांक घालून झाले की पहिला खण अडकित्त्यांचाच.