माळकरी वडिलांना आयरिश पबमध्ये न्यावं का? (वुडसाइड, न्यूयॉर्क)

सायली_क्वीन्स
आईबाबा तीन महिन्यांसाठी आलेत. आमच्या इमारतीत खालीच, रूझवेल्ट अव्हेन्यूवर, जिथे सात नंबरची ट्रेन डोक्यावरून धडधडत जाते, एक आयरिश पब आहे. सगळं घरचंच: आजी गल्ल्यावर, मुलगा बारमागे, सून स्वयंपाकघरात. इथे नवीन असताना एका बर्फाच्या रात्री मी घराची किल्ली ऑफिसात विसरले. नवरा येईपर्यंत दोन तास आजींनी मला हीटरजवळ बसवून चहा पाजला आणि पैसे घेतले नाहीत. तेव्हापासून येताजाता बोलणं असतं.

परवा मी सहज म्हणाले, बाबांच्या गावाकडे पाच म्हशी आहेत. आजींचं माहेर आयर्लंडमधल्या काउंटी मेयोत, लहानपणी त्यांनी गाईंच्या धारा काढलेल्या. "त्यांना घेऊन ये," म्हणून हटूनच बसल्या.

पण बाबा माळकरी. चाळीस वर्षं वारी चुकलेली नाही. "गुत्त्यात मी पाय ठेवणार नाही," म्हणाले. आई तयार आहे. बाबांवर जबरदस्ती करायची नाही, आणि आजींचं मनही मोडवत नाही. कोणी आईवडिलांना असं नेलंय का? त्यांना खाण्यासारखं काय मिळेल?

वुडसाइडकर
सासूबाईंना नेलं होतं, त्या अजून आठवण काढतात. 17 मार्चच्या, म्हणजे आयरिश लोकांच्या सेंट पॅट्रिक डेच्या, आसपास अजिबात नको, तेव्हा उभं राहायला जागा नसते. रविवारी दुपारी न्या. घरची माणसं जेवायला आलेली असतात, पोरंबाळं असतात. धुराची काळजी नको, शहरात 2003 पासून बारमध्ये सिगारेट बंद आहे. बारसमोरच्या उंच स्टुलांऐवजी मागचं टेबल धरा.

जपायचं ते बटाट्याच्या चिप्सना (म्हणजे फ्रेंच फ्राइजना). दिसायला निरुपद्रवी, पण मासा बहुतेक त्याच तेलात तळलेला असतो. भाज्यांच्या सुपातही चिकनचं पाणी असू शकतं. सूनबाई ओळखीच्या आहेत, सरळ विचारा, कोणी वाईट मानत नाही.

माझं ऐकाल तर फक्त ब्राउन ब्रेड, लोणी आणि चहा मागवा. तो ब्रेड यीस्टचा नसतो. जाडसर गव्हाचं पीठ, ताक आणि खायचा सोडा, बस्स. सासूबाईंनी पहिल्या घासातच ताक ओळखलं! बेदाणे घातलेला अमेरिकी पद्धतीचा असेल तर त्यात पुष्कळदा अंडं असतं, तेवढं विचारून घ्या. चहा कडक, दूध घालून, आपल्यासारखाच. पैसे घेतले नाहीत तरी टेबलावर टिप ठेवा.

बोधरानवेडा
त्यांच्याकडे सेशन, म्हणजे आयरिश लोकसंगीताची बैठक, होत असेल तर तीच वेळ गाठा. मी सहा वर्षं असल्या सेशनला जातोय. स्टेज नाही, माईक नाही. कोपऱ्यातल्या टेबलाभोवती फिडल (व्हायोलिन), बासरी, टिन व्हिसल (पत्र्याची छोटी बासरी) घेऊन माणसं बसतात आणि एकाला जोडून दुसरी धून सुरू होते. त्या खुर्च्या वादकांच्या, तिथे बसू नका. बोधरान म्हणजे डफासारखं वाद्य, बकऱ्याचं कातडं ताणलेलं. ते एका आखूड काठीने वाजवतात आणि त्या काठीला म्हणतात टिपर. आपली टिपरीच! मध्येच एखादं म्हातारं माणूस डोळे मिटून, साथीशिवाय गायला लागतं, तेव्हा बारमागचा माणूससुद्धा ग्लास हलवत नाही. भजनात बसलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागणार नाही.

सायली_क्वीन्स
दोघांचे आभार. बाबांना सगळं वाचून दाखवलं. ताकाच्या ब्रेडवर काही बोलले नाहीत, टिपरीवर मात्र बराच वेळ थांबले. मग म्हणाले, "त्या बाईंनी तुला रात्रीचा थारा दिला. आधी त्यांना आपल्या घरी जेवायला बोलव. पाहुणचार आपल्याकडून होऊ दे, मग मी येतो."

हे मला सुचायला हवं होतं. आजी मंगळवारी येताहेत, त्या दिवशी पब मुलगा सांभाळेल. आईने तूप कढवायला घेतलंय, त्यांना बरोबर द्यायला. वुडसाइडकर, एक सांगा: थालीपीठ त्यांना झेपेल का? मिरची घालणारच नाही, पण ओवा चालेल ना?