भाचा एअरफोर्सला चाललाय, पण मिलिटरीचं विमान पडलं की रिपोर्ट बाहेर का येत नाही?

कळंबा_रोड
नमस्कार मंडळी. माझ्या थोरल्या बहिणीच्या पोराचं एनडीएत सिलेक्शन झालंय, एअरफोर्स फ्लाइंग. गल्लीत पेढे वाटून झाले, चौकात बॅनर लागला, सगळं झालं आणि आता बहीण जेवायला बसली की गप्पच असते. तिच्या डोक्यातनं १२ जून २०२५ चं अहमदाबाद जात नाही, मेडिकलच्या पोरांच्या होस्टेलवर पडलेलं ते विमान तिनं दिवसभर टीव्हीवर बघितलंय, २६० माणसं गेली. तिला समजावायला म्हणून मी वाचायला बसलो तर एक गोष्ट लई खटकली. अहमदाबादचा प्राथमिक रिपोर्ट महिन्याभरात सगळ्यांसमोर आला, दोन्ही इंजिनांचे फ्युएल स्विच एका सेकंदाच्या फरकानं बंद झाले इथपर्यंत त्यात लिहिलंय. पण एअरफोर्सचं विमान पडलं की पेपरात एकच ओळ, 'कोर्ट ऑफ इन्क्वायरीचे आदेश', म्हणजे फौजेची आपली आतली चौकशी, पुढं काय झालं आपल्याला कळतच नाही. असं का? आणि फायटरवर खरंच जास्त धोका असतो का? कुणी सर्व्हिस केलेलं असेल तर सांगा प्लीज.

गडहिंग्लजकर_माजी_एअरमन
आधी भाच्याचं अभिनंदन. मी ग्राउंड क्रूला होतो, फायटर स्क्वाड्रनवर बरीच वर्षं काढली, त्यामुळं खरं तेच सांगतो. धोका जास्त असतो. प्रवासी विमान धोका टाळत टाळत जातं, फायटरला मुद्दाम खाली, वेगात, एकमेकांच्या जवळ उडवायला शिकवतात कारण लढाईत तेच करायचंय. पण म्हणून तिथं कोण बेफिकीर नसतो हे ताईंना नक्की सांगा. पायलट बसला की आम्ही शिडीवर उभं राहून त्याच्या इजेक्शन सीटच्या, म्हणजे संकटात पायलटला विमानाबाहेर फेकणाऱ्या सीटच्या, सेफ्टी पिना काढायचो, लाल पट्ट्या लावलेल्या असतात त्यांना, आणि मोजून त्याच्या डोळ्यासमोर धरायच्या, त्यानं मान हलवली की मगच खाली उतरायचं. टूल बॉक्समधला एक पाना जरी जागेवर नसला तर तो सापडेपर्यंत विमान हलत नाही, मग वरनं कितीही घाई असूदे.

रिपोर्टचं म्हणाल तर त्यात विमानाची ताकद, कमजोरी, ट्रेनिंगची पद्धत सगळं येतं, ते शत्रूच्या हातात कसं द्यायचं? दुसरं म्हणजे चौकशीत टेक्निशियननं, साथीदार पायलटनं मोकळेपणानं बोलावं लागतं. उद्या आपलं नाव टीव्हीवर येणार म्हटल्यावर कोण बोलेल? म्हणून बंद दाराआड.

शिरोळ_तालुका
काका, तुमच्याबद्दल पूर्ण आदर ठेवून सांगतो, मला हे पटत नाही. आमच्या तालुक्यात सैनिक टाकळीसारखं गाव आहे, घरटी पोरं फौजेत आहेत, त्यामुळं हा विषय आमच्यासाठी लांबचा नाही. शस्त्रांची माहिती झाका की, कोण नको म्हणतंय, पण कारण तरी नीट सांगा. संसदेच्या संरक्षण समितीच्या रिपोर्टमध्ये २०१७ ते २०२२ च्या योजनाकाळातले एअरफोर्सचे ३४ अपघात आलेत. ८ डिसेंबर २०२१ ला कुन्नूरजवळ जनरल बिपीन रावतांचं एमआय-१७ हेलिकॉप्टर पडलं, १४ जण गेले, त्याच्यापुढं त्या तक्त्यात कारण काय तर 'मानवी चूक'. बास. एअरफोर्सनं आधी एवढं सांगितलं होतं की दरीत हवामान अचानक बदललं, हेलिकॉप्टर ढगात शिरलं, पायलटला दिशेचं भान राहिलं नाही आणि चालू स्थितीतलं हेलिकॉप्टर डोंगराला धडकलं. मग ढगात शिरायची वेळ का आली? त्या मार्गावरच्या हवामानाची माहिती कुणी, किती वाजता दिली? पुढच्या पायलटला वाचवणारी गोष्ट ही आहे आणि तीच आपल्याला दिसत नाही.

आता मंगळूरचा प्रवासी विमानाचा अपघात घ्या, २२ मे २०१०, १५८ मृत्यू. त्या चौकशीचे प्रमुख आपले निवृत्त एअर मार्शल भूषण गोखले होते, म्हणजे एअरफोर्सचाच माणूस, आणि तो अख्खा रिपोर्ट कुणालाही वाचता येतो. कॅप्टन बराच वेळ झोपला होता, त्याच्या घोरण्याचा आवाज कॉकपिट रेकॉर्डरवर आलाय, उतरताना विमान फार उंच होतं, को-पायलट परत वर चला म्हणत होता तरी कॅप्टननं उतरवलंच, ८ हजार फुटांच्या धावपट्टीवर चाकं टेकली ती ५,२०० फुटांवर. हे वाचून नुसती 'पायलटची चूक' कळत नाही, झोपेतनं उठलेल्या माणसाचं डोकं कसं चालतं आणि ज्युनिअरला सीनिअरच्या हातातला कंट्रोल घ्यायला किती जड जातं तेही कळतं.

पंचगंगा_घाट
शिरोळच्या दादांशी सहमत. २६ एप्रिल १९९३ चं औरंगाबाद बघा, भर उन्हात इंडियन एअरलाइन्सचं बोइंग मुंबईला निघालं, उचलायला उशीर झाला आणि धावपट्टीच्या पुढच्या बीड रोडवरनं कापसाच्या गाठी भरलेला ट्रक चालला होता त्याला चाक लागलं, पुढं विजेच्या तारा, ५५ माणसं गेली. नुसतं पायलटवर ढकललं असतं तर रोडवरचा ट्रक कुणी थांबवायचा हा प्रश्नच आला नसता. चौकशीत दोन्ही आलं, विमान उशिरा उचललं हे पण आणि त्या रोडवरची वाहतूक विमान सुटताना कुणी रोखली नाही हे पण.

जाता जाता आपल्या गावचं. कोल्हापूरच्या उजळाईवाडी विमानतळाच्या आसपास उघड्यावर मटणा-चिकनचा कचरा टाकू नका रे, घारी तिथंच घिरट्या घालतात आणि एक घार इंजिनात गेली तरी पुरे. विमानतळापासून १० किलोमीटरच्या आत असा कचरा टाकायला कायद्यानंच बंदी आहे, तरी टाकतातच लोक.

गडहिंग्लजकर_माजी_एअरमन
शिरोळकर, तुमचा राग समजतो. एक मात्र सांगतो, बाहेर येत नाही म्हणजे आत पण दाबलं जातं असं नाही. अपघात झाला की काय चुकलं ते स्क्वाड्रनमध्ये पायलट आणि टेक्निशियन दोघांनाही सांगतात, त्याप्रमाणं चेकलिस्ट बदलताना मी स्वतः बघितलंय. पण घरच्यांना पूर्ण सांगितलं पाहिजे, ह्यात माझं दुमत नाही. ज्या आईचं लेकरू गेलं तिला 'मानवी चूक' एवढंच ऐकवायचं हे बरोबर नाहीच. फोटो, नकाशे, शस्त्रं काढून बाकीचं द्यायला काही अडचण नसावी.

कळंबा_रोड
सगळ्यांचे मनापासून आभार. पिनांचं बहिणीला वाचून दाखवलं, तिनं दोनदा वाचायला लावलं. काका, अजून एक, तो लगेच फायटरवर बसणार का? ती हेच विचारतीय सारखं.

गडहिंग्लजकर_माजी_एअरमन
नाही ओ. एनडीएची तीन वर्षं, मग ॲकॅडमीत आधी छोट्या ट्रेनर विमानावर, इन्स्ट्रक्टर शेजारी किंवा मागं बसलेला असतो. त्यानंतरच फायटर, ट्रान्सपोर्ट की हेलिकॉप्टर ते ठरतं. ताईंना फोनवर बोलायचं असेल तर मला मेसेज करा, माझी बायको बोलेल त्यांच्याशी, तिनं हे सगळं जवळनं बघितलंय.