मदत हवी आहे : अँटिबायोटिक्सनंतर आईचं पोट अजून ताळ्यावर नाही

नमस्कार मंडळी, आम्ही सोलापूरचे. आईला (वय 62) दातांच्या दुखण्यासाठी लागोपाठ दोन वेळा अँटिबायोटिक्स घ्यावी लागली. गोळ्या संपून महिना झाला, पण पोट सारखं फुगतं, कधी जुलाब तर कधी दोन-दोन दिवस साफ होत नाही. डॉक्टरांनी शौचाची तपासणी केली, त्यात काही निघालं नाही. या गोळ्यांनी आतड्यातले चांगले जीवाणूही मरतात, ते भरून यायला वेळ लागतो, असं ते म्हणाले.

घरचं ताजं दही दुपारी वाटीभर देते. कढी मात्र यासाठी उपयोगाची नाही, उकळल्यावर त्यातले जीवाणू जगत नाहीत. आंबील आईला फार आवडते, पण तीही आंबवून मग शिजवतोच, म्हणून वरून ताजं ताक घालते. बरोबर करते ना?

खरा प्रश्न तंतूंचा (फायबरचा) आहे. जीवाणूंना खाद्य म्हणून ज्वारीची भाकरी, डाळी, भाज्या हव्यात हे कळतं. पण मंगळवेढ्याच्या मालदांडी ज्वारीची एक अख्खी भाकरी खाल्ली की तिचं पोट गच्च होतं, मटकीच्या उसळीनं तर जास्तच. जन्मभर कडक भाकरी आणि शेंगाचटणी खाल्लेली बाई आता मऊ भातावर आली आहे, बघवत नाही.

कुणी यातून गेलंय का? भाकरी-डाळींचं प्रमाण किती हळू वाढवलंत? प्रोबायोटिकच्या (चांगल्या जीवाणूंच्या) पुड्यांचा खरंच फरक पडला का? अनुभव असेल तर कृपया सविस्तर लिहा.