ड्युएन गेल्यावर ऑलमन ब्रदर्स उरले का?

निळासूर:
माझ्या मते ऑलमन ब्रदर्स हा अमेरिकन रॉक बँड २९ ऑक्टोबर १९७१ ला संपला. त्या दिवशी जॉर्जियातल्या मेकनमध्ये मोटरसायकलच्या अपघातात त्यांचा गिटारवादक ड्युएन ऑलमन गेला, अवघ्या २४ व्या वर्षी. त्याच वर्षीच्या मार्चमधलं, न्यूयॉर्कच्या फिलमोर ईस्ट या सभागृहातलं रेकॉर्डिंग ऐका. सर्दीच्या गोळ्यांची रिकामी काचेची बाटली डाव्या अनामिकेत घालून तो तारांवरून फिरवतो, आणि ब्लाइंड विली मॅकटेलचं 'स्टेट्सबरो ब्लूज' हे जुनं ब्लूज (अमेरिकेतल्या काळ्या लोकांच्या संगीतपरंपरेतलं) गाणं पहिल्याच मींडेत अंगावर येतं. पुढची सगळी वर्षं त्याच मैफिलींच्या आठवणीवर निघाली.

तालवेडी:
अजिबात नाही पटलं. तुम्ही फक्त गिटार ऐकताय. या बँडला दोन ड्रमर होते. बुच ट्रक्स गाडी रेटतो, जेमो जॅझच्या अंगाने मधल्या जागा भरतो. 'व्हिपिंग पोस्ट'ची सुरुवात बोटांवर मोजा: तीन, तीन, तीन, दोन. अकरा मात्रा! आपल्या रुद्र तालाइतक्या. आणि गंमत म्हणजे हे गाणं रचणाऱ्या ग्रेगला, म्हणजे ड्युएनच्या भावाला आणि बँडच्या गायकाला, आपण अकरा मोजतोय हे ठाऊकच नव्हतं. शिवाय १९६९ च्या अमेरिकन दक्षिणेत गोरे आणि काळे वादक एका बँडमध्ये राहिले, फिरले. हा वारसा एकट्या ड्युएनचा कसा?

निळासूर:
ग्रेगचा गळा मला जिवापाड आवडतो. पण १९७३ चं 'रॅम्बलिन मॅन' घ्या. अमेरिकेच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत दुसऱ्या क्रमांकावर गेलं, मान्य. ते तर सरळ कंट्री आहे, अमेरिकन ग्रामीण ढंगाचं गाणं. ब्लूज कुठे आहे त्यात?

जुनी तबकडी:
त्याच अल्बमवर 'जेसिका' आहे, ते का सोडलंत? ड्युएनच्या जागी तेव्हा त्यांनी दुसरा गिटारवाला बसवलाच नाही. पियानोवर चक लेव्हेल आला. भावाची जागा रिकामी ठेवून नवा रस्ता धरला, याला मी आठवणीवर जगणं म्हणणार नाही. त्यातच नोव्हेंबर १९७२ मध्ये बेसवादक बेरी ओकलीही गेला, तोही मेकनमध्ये, मोटरसायकलवरच. तरी अल्बम पुरा केला. आणि १९९९ मध्ये बुचचा पुतण्या डेरेक ट्रक्स आला. अली अकबर खाँसाहेबांच्या सरोदचा प्रभाव तो स्वतः सांगतो. त्याची मींड ऐकली की ते कळतंच.

निळासूर:
रिकाम्या जागेचा मुद्दा मला लागला. मी तसा विचार केला नव्हता. पण फिलमोरला ड्युएन आणि बँडचा दुसरा गिटारवादक डिकी बेट्स एकमेकांचं अर्धं वाक्य उचलून पुरं करतात, ते मला नंतर कुठेच सापडलं नाही. डेरेकमध्येही नाही.