अमोनियम सल्फेट आणि डायलिसिस खरंच मोडीत काढायचं?

मीठपाणी
परवा निकेल_पुणे यांनी लिहिलं की एमएस्सी बायोकेमच्या प्रॅक्टिकलमधून अमोनियम सल्फेटचे कट (हे मीठ वाढवत नेऊन प्रथिन टप्प्याटप्प्याने खाली बसवणं), डायलिसिस (बारीक छिद्रांच्या पिशवीतून मीठ काढणं), आयन एक्स्चेंज (विद्युतभारावर प्रथिनं वेगळी करणं) या प्रथिन शुद्ध करण्याच्या जुन्या पद्धती काढून टाकाव्यात. हिस्टॅग (निकेलला चिकटणारी हिस्टिडिनची शेपटी) लावा, निकेल कॉलममधून काढा, जेलवर एक बँड (पट्टा) दाखवा, दुपारच्या चहाआधी प्रथिन शुद्ध. बाकी सारा ‘आजीबाईचा बटवा’. त्याखाली कौतुकाची रांग लागलेली पाहिली आणि राहवेना, म्हणून हा वेगळा धागा.

मी अठरा वर्षं हे प्रॅक्टिकल घेते, तालुक्याच्या कॉलेजात. कोल्डरूम नाही, एक फ्रिज आहे. मोड आलेल्या मुगातून आम्ही अमायलेज (स्टार्च तोडणारं एन्झाइम) काढतो. अर्क गाळायचा, सेंट्रीफ्यूज करायचा, बीकर बर्फात ठेवून मीठ चिमटीचिमटीने सोडायचं. जोरात ढवळलं की फेस येतो आणि फेसात प्रथिन उलगडून वाया जातं. मिठाच्या तीस टक्के संपृक्ततेला खाली काय बसलं, साठला काय बसलं, प्रत्येक टप्प्यावर प्रथिन किती, अ‍ॅक्टिव्हिटी किती, हे तक्त्यात भरायचं. तो तक्ता भरताना मुलांना पहिल्यांदा कळतं की शुद्धता वाढते तसा माल हातातून निसटत जातो. कोणत्या टप्प्यावर थांबायचं हे त्यांना स्वतः ठरवावं लागतं. निकेल कॉलममध्ये हे ठरवायला उरतंच काय?

आणि हिस्टॅग ही आपणच जीनमध्ये बांधून दिलेली शेपटी आहे. मुगाच्या प्रथिनाला ती नसते. १९२६ साली अमेरिकन रसायनशास्त्रज्ञ समनरने युरिएजचे (युरिया तोडणारं एन्झाइम) स्फटिक मिळवले ते जॅकबीनच्या पिठातून (आपल्या अबईच्या कुळातली शेंग), ३२ टक्के अ‍ॅसिटोन आणि गाळणकागद वापरून. थंडीसाठी सिलिंडर खिडकीच्या कठड्यावर ठेवत असे तो. सतराव्या वर्षी शिकारीतल्या अपघातात डावा हात गेलेला, एका हाताने काम, नऊ वर्षं. एन्झाइम हे प्रथिन असतं हे जगाला त्या स्फटिकांनी दाखवलं. १९४६ साली नोबेल मिळालं. हा बटवा असेल तर मला तो मुलांच्या हातात द्यायचाच आहे.

निकेल_पुणे
मॅडम, समनरबद्दल आदर आहे, पण १९२६ च्या पुण्याईवर २०२० नंतरच्या पोरांना नोकऱ्या मिळत नाहीत. मी स्वतः अशाच कॉलेजातून आलो. दोन वर्षांत चार वेळा डायलिसिसची पिशवी बांधली, एकदाही कॉलम पाहिला नाही. पहिल्या मुलाखतीत विचारलं, इमिडाझोल ग्रेडियंट (निकेलवरून प्रथिन सोडवणारं रसायन हळूहळू वाढवणं) कसा लावशील? मी गप्प. समोरच्या माणसाने फाईल मिटली. तो क्षण मी विसरलेलो नाही.

आज मी सहा जणांची टीम सांभाळतो. आठवड्याला वीस-पंचवीस म्युटंट (जीनमध्ये बदल करून बनवलेली प्रथिनं) शुद्ध करून द्यावे लागतात. २० मिलिमोलर इमिडाझोलने धुवायचं, २५० ने काढायचं, संपलं. प्रत्येकाला मिठाचे कट मारत बसलो तर वर्ष जाईल. आणि निकेल कॉलमही काही कालचा नाही. धातूच्या आयनांवर प्रथिन पकडण्याची कल्पना शास्त्रज्ञ पोराथने १९७५ साली मांडली. पन्नास वर्षं झाली तरी आमच्या प्रॅक्टिकलच्या जर्नलमध्ये ती आलेली नाही, राग त्याचा आहे.

घोणस
निवृत्त माणूस, आयुष्य सर्पदंशाच्या प्रतिविषात गेलं. एक साधा प्रश्न. घोड्याच्या रक्तातल्या अँटीबॉडीला हिस्टॅग कोण लावणार?

नाग, मण्यार, घोणस, फुरसे यांचं विष थोडंथोडं घोड्याला टोचायचं, रक्त काढायचं, प्लाझ्मा वेगळा करायचा, पेप्सिनने अँटीबॉडीची शेपटी तोडायची आणि मग अमोनियम सल्फेट. काही ठिकाणी कॅप्रिलिक आम्ल वापरतात. ते नको असलेली प्रथिनं खाली बसवतं आणि हवी ती वर राहतात, म्हणून उलट सोयीचं. भाताच्या शेतात पाय पडलेल्या माणसाला प्राथमिक आरोग्य केंद्रात जी कुपी मिळते ती अशी बनते. रक्तातला अल्ब्युमिन आजही मुख्यतः थंड अल्कोहोलने टप्प्याटप्प्याने बसवून काढतात, ती शास्त्रज्ञ एडविन कोन यांची पद्धत दुसऱ्या महायुद्धातली.

नवी मुलं आमच्याकडे यायची आणि मीठ भसकन ओतायची. शंभर लिटरच्या टाकीत. मग दिवसभर त्यांच्या मागे उभं राहावं लागे. त्यामुळे मॅडम, शिकवत राहा.

रिव्ह्यूअर_दोन
दोन्ही बाजूंना एक सांगायचंय. ‘जेलवर एक बँड म्हणजे शुद्ध’ हे वाक्य वाचलं की माझं रक्त उकळतं. लेम्लीचं जेल (हेच तुमचं नेहमीचं एसडीएस जेल) प्रथिनं वजनावर वेगळी करतं. एकाच वजनाची तीन प्रथिनं एका बँडमध्ये सुखाने बसतात. शिवाय एसडीएस या साबणासारख्या रसायनाने सगळं उलगडलेलं असतं, म्हणजे मूळ नमुन्यात गुठळ्या होत्या की नीट घडी पडलेली प्रथिनं, हे जेल सांगूच शकत नाही. त्यासाठी जेल फिल्ट्रेशन (न उलगडता आकारावर वेगळं करणारा कॉलम) लागतं.

ई. कोलाय या जिवाणूतलं स्लायडी हे प्रथिन घ्या. स्वतःचेच हिस्टिडिन इतके की टॅग नसताना निकेलला चिकटतं आणि जेलवर २५ किलोडाल्टनच्या (प्रथिनाच्या वजनाचं एकक) आसपास दिसतं. माझ्या पीएचडीचं पहिलं दीड वर्ष अशा एका ‘शुद्ध’ बँडपायी गेलं. मला हवं असलेलं प्रथिन २६ किलोडाल्टनचं होतं. मास स्पेकला (रेणूचं वजन अचूक मोजणारं यंत्र) दिलं तेव्हा उजेड पडला. आयन एक्स्चेंजचा एक कॉलम पुढे लावला असता तर पहिल्या आठवड्यातच संशय आला असता.

आणि मुळात तुम्ही सगळे प्रथिन मोजता कशाने? ब्रॅडफर्डने (प्रथिनाला चिकटून निळा होणारा रंग)? बीएसएच्या (गाईच्या रक्तातला अल्ब्युमिन) ग्राफवर? बीएसए त्या रंगाला इतर बऱ्याच प्रथिनांपेक्षा जास्त चिकटतो, म्हणजे तुमचा आकडा निम्मासुद्धा निघू शकतो. तक्त्यातली सगळी (दर मिलिग्रॅम प्रथिनामागे मोजलेली) ‘स्पेसिफिक अ‍ॅक्टिव्हिटी’ त्यावर उभी आहे.

दुधगंगा
मोजण्याचा विषय काढलात म्हणून लिहितो. मी दूध संघाच्या प्रयोगशाळेत आहे. इथे कुणी बीएसए बघत नाही. इथे जेल्डालचा आकडा चालतो आणि त्यावर माणसांचे संसार.

जेल्डाल प्रथिन मोजत नाही, नत्र मोजतो. आम्लात सगळं जाळा, नत्राचा अमोनियम सल्फेट होतो (मॅडम, पुन्हा तुमचंच मीठ), तो मोजा आणि दुधासाठी ६.३८ ने गुणा. १८८३ साली कोपनहेगनच्या कार्ल्सबर्ग प्रयोगशाळेत, दारूच्या धान्यासाठी निघालेली पद्धत. युरियाच्या गोणीवर ४६ टक्के नत्र छापलेलं असतं. गुणाकार करा, शंभर ग्रॅम युरिया म्हणजे जवळजवळ तीनशे ग्रॅम ‘प्रथिन’! मेलामाइनमध्ये नत्र ६६ टक्के. २००८ साली चीनमध्ये तेच बाळांच्या दुधात घातलं. सहा बाळं गेली, सुमारे तीन लाख आजारी पडली, मूतखडे झाले.

आमच्याकडे भाव ३.५ फॅट आणि ८.५ एसएनएफवर (फॅट सोडून उरलेले घन पदार्थ) ठरतो. दूध पातळ करून एसएनएफ भरून काढायला लोक काय काय घालतात ते मी रोज बघतो, आणि नावं ठेवली जातात ती पहाटे चारला उठून दोन गाईंचं दूध घालणाऱ्या बाईला.

तालमीतला
व्हे पावडरमध्येही हेच ना? आमच्या तालमीतल्या पोरांनी पैसे जमवून घेतलेल्या डब्यावर ८० टक्के लिहिलंय. त्यात ग्लायसिन, टॉरिन मिसळून नत्र वाढवतात असं ऐकलं. घरी तपासता येतं का?

रिव्ह्यूअर_दोन
घरी नाही. ग्लायसिन, टॉरिन हे सुटे रेणू आहेत, प्रथिनासारखी साखळी नाही. जेल्डालला फरक कळत नाही. ब्रॅडफर्डला कळतो, कारण तो रंग लांब साखळीलाच धरतो. दुधगंगा, तुम्ही संघात ब्रॅडफर्ड का लावत नाही?

दुधगंगा
कारण दुधात चरबी आहे, केसिन या दुधातल्या प्रथिनाच्या गुठळ्या आहेत, आणि सकाळी सातच्या आत चारशे नमुने संपवायचे असतात! वातानुकूलित खोलीत बसून ‘का लावत नाही’ विचारणं सोपं आहे.

निकेल_पुणे
धागा प्रथिन शुद्ध करण्यावर आहे. डेअरी, गोणी आणि तालीम यांसाठी वेगळा काढा.

दुधगंगा
साहेब, तुमच्या कॉलममधून निघालेलं प्रथिन वर्षात किती लोकांच्या पोटात जातं? आमचं रोज जातं. आम्ही वेगळ्या धाग्यात का जायचं?

मीठपाणी
थांबा दोघेही. दुधगंगांचा मुद्दा विषयाबाहेरचा नाही, उलट माझ्याच बाजूचा आहे. युरिया आणि मेलामाइनने फसायचं नसेल तर उपाय कोणता? ट्रायक्लोरोअ‍ॅसेटिक आम्लाने आधी प्रथिन खाली बसवा, गाळा, आणि त्या साक्याचाच जेल्डाल करा. युरिया पाण्यासोबत निघून जातो. व्हेमधलं ग्लायसिनही तसंच जाईल. म्हणजे आधी बसवा, मग धुवा, मग मोजा. आमच्या मुगाच्या प्रॅक्टिकलमध्ये हेच तर शिकवते मी! डायलिसिस न करता अमोनियम सल्फेटचा साका जेल्डालला दिला तर मिठातलं नत्रही प्रथिन म्हणून मोजलं जाईल. हे व्हायवात विचारलं की वर्ग शांत होतो.

दुधात युरिया आहे का हे घरीसुद्धा बघता येतं. चमचाभर दूध, अर्धा चमचा कच्च्या तुरीची किंवा सोयाबीनची पूड, पाच मिनिटं ठेवा, लाल लिटमस बुडवा. निळा झाला तर युरिया. तुरीतलं युरिएज युरिया तोडून अमोनिया सोडतं. समनरचंच एन्झाइम.

दुधगंगा
बरोबर, पण एक भर घालतो. युरिया दुधात निसर्गतः थोडा असतोच, नियमाप्रमाणे ७०० पीपीएमपर्यंत चालतो. किंचित निळसर झालं म्हणून गवळ्याशी भांडू नका. शंका आली तर नमुना प्रयोगशाळेत द्या.

निकेल_पुणे
तुरीची पूड मला माहीत नव्हती, ते मान्य. घोड्याच्या रक्ताचंही मान्य, माझं मूळ लिखाण क्लोन केलेल्या प्रथिनांपुरतं होतं आणि तसं स्पष्ट लिहायला हवं होतं. औषधी अँटीबॉडीलाही कुणी हिस्टॅग लावत नाही, तिथे प्रोटीन ए (अँटीबॉडी पकडणारा कॉलम) आणि मग आयन एक्स्चेंजच येतं, हे मलाही माहीत आहे. पण ‘ठरवायला उरतंच काय’ हे वाक्य मागे घ्या मॅडम. बफरमध्ये (आम्लता स्थिर ठेवणारं द्रावण) चुकून डीटीटी हे रसायन जास्त पडलं की कॉलम तपकिरी होतो, धातू पकडणारं ईडीटीए पडलं की निकेलच निघून जातो. इमिडाझोल किती, मीठ किती, टॅग पुढे की मागे, तो आत दबला तर उलगडून काढायचं का, हे रोज ठरवावं लागतं.

मीठपाणी
ते वाक्य मागे घेते. कॉलम आमच्याकडेही हवा, यावर माझं दुमत कधीच नव्हतं. कॉलमसाठी मी चार वर्षं प्रस्ताव पाठवते आहे. मला नको आहे ते एवढंच, की निकेल आलं म्हणून मीठ गेलं पाहिजे. पहिल्या सत्रात मूग, दुसऱ्यात कॉलम, आणि दोन्हींचे तक्ते शेजारी.

निकेल_पुणे
दोन सत्रं देणार असाल तर माझी तक्रार निम्मी उरते. निम्मी आहे अजून.

पूर्वा_एमएस्सी२
मी गप्प वाचत होते, पण आत्ता मदत हवी आहे. माझा साठ टक्क्यांचा पेलेट (खाली बसलेला साका) बफरमध्ये विरघळवून पिशवीत भरला, रात्रभर डायलिसिसला ठेवला. सकाळी पिशवी फुटलेली. दोन महिन्यांचा माल खालच्या बफरमध्ये गेला. तो परत मिळेल का, आणि पुढच्या वेळी काय करू?

निकेल_पुणे
पिशवी काठोकाठ भरली होतीस का? पेलेटमध्ये मीठ ठासून असतं, पाणी आत खेचलं जातं आणि पिशवी फुगते. अर्धी रिकामी ठेवायची, हवा दाबून काढायची, दोन्ही टोकांना दुहेरी गाठ. पहिला बफर दोन तासांत बदल, मग रात्रभर. आणि खालचा बफर ओतून देऊ नकोस. फ्रिजमध्येच राहू दे, प्रथिन त्यात आहे, फक्त पातळ झालंय.

मीठपाणी
आणि त्या बफरची अ‍ॅक्टिव्हिटी आजच बघ, उद्यावर टाकू नकोस. मिळाली तर पुन्हा मीठ घालून खाली बसव. खूप पातळ झालं असेल तर एका रात्रीत सगळं बसणार नाही, दोन रात्री थंडीत राहू दे.

रिव्ह्यूअर_दोन
मोजायला लॉरीची पद्धत घेऊ नकोस, उरलेलं अमोनियम सल्फेट त्यात घोळ करतं. ब्रॅडफर्ड घे. ग्राफ बीएसएचा असेल तर वहीत तसं लिही.