शॉर्ट फिल्मचं पार्श्वसंगीत शेवटाकडे चित्राच्या पुढे पळतंय

खर्ज_पंचम (प्रश्न):
१८ मिनिटांची फिल्म, संगीत नव्याने केलेलं. संकलकाने पाठवलेल्या व्हिडिओवर सगळं चोख बसतं. पण सलग एकच वेव्ह फाइल करून त्याच्या टाइमलाइनवर टाकली की सुरुवात बरोबर आणि शेवटच्या प्रसंगात संगीत साधारण एक सेकंद आधी. शिवाय बासरी संवादांखाली आली की शब्द बुडतात. लेव्हल उतरवली तर बासरीच जाते. मिक्सिंगला देण्याआधी काय दुरुस्त करू?

काळी_दोन:
तुम्हाला आलेला व्हिडिओ सेकंदाला २४ फ्रेमचा आणि फिल्म २३.९७६ ची असणार. फरक ०.१ टक्का, १०८० सेकंदांत तो १.०८ सेकंद होतो, म्हणजे तुमचा हिशोब जुळला. २३.९७६ चा नवा एक्स्पोर्ट मागवा, चित्रावर टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) छापलेला. पिक्चर लॉक झालंय का, म्हणजे संकलन आता बदलणार नाही ना, तेही विचारा, नाहीतर ही मेहनत पुन्हा करावी लागेल.

सलग फाइल मात्र देऊ नका. प्रत्येक क्यू (एका प्रसंगाचा संगीताचा तुकडा) वेगळा, नावात त्याचा सुरुवातीचा टाइमकोड. क्यू आपापल्या जागी बसले की दोन मिनिटांच्या क्यूच्या टोकाला जेमतेम तीन फ्रेम चूक उरते. तिथे नेमकी सम हवी असेल तरच टेम्पो (मिनिटाला मात्रा) हलवा, ९० चा ८९.९१. नव्या क्यूला हिशोब उलटा करा: सम ४१.५ सेकंदांवर हवी आणि त्याआधी चार मात्रांचे १४ बार, म्हणजे ५६ मात्रा. ५६ गुणिले ६०, भागिले ४१.५, टेम्पो ८०.९६.

झाला_जोड:
सँपल रेट (सेकंदाला आवाजाचे किती नमुने) ४४.१ आणि ४८ किलोहर्ट्झचा घोळ तर नसेल?

काळी_दोन:
नाही. त्यात वेग जवळपास ९ टक्के बदलतो आणि सूर जवळपास दीड सेमीटोन (पेटीच्या लागोपाठच्या दोन पट्ट्यांमधलं अंतर म्हणजे एक) सरकतो, लगेच कानाला कळतं.

मींड:
बासरीबद्दल. शब्द स्पष्ट होतात ते मुख्यतः १ ते ४ किलोहर्ट्झमधल्या व्यंजनांमुळे, आणि बासरीची फुंक व वरचे स्वरांश तिथेच येतात. इक्यूने (ठरावीक पट्टा कमी-जास्त करणारं साधन) तिथे दोन-तीन डेसिबल कापता येतील, पण खरा उपाय रचनेत आहे. हलती धून कान ओढून घेते, लेव्हल कितीही कमी असो. म्हणून हरकती वाक्यांच्या मधल्या जागेत टाका, बोलणं चालू असताना एकच लांब स्वर धरा, शक्यतो मंद्रात. संवादांचा ट्रॅक सेशनमध्ये ठेवूनच धून लिहा, नंतर बसवायला जाऊ नका.

झाला_जोड:
मिक्सिंग करणाऱ्याला स्टेम (वाद्यगटांच्या वेगवेगळ्या फाइल) द्या: ताल, खालचे लांब स्वर, धून. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, सगळे एकाच बिंदूपासून सुरू. मास्टरवरचा (सगळ्या आवाजांच्या एकत्र ट्रॅकवरचा) लिमिटर, म्हणजे आवाजाची उंच टोकं दाबणारं साधन, आधी काढा. तो असेल तर स्टेमची बेरीज मूळ मिक्सशी जुळत नाही. रिव्हर्ब (घुमारा) प्रत्येक स्टेमचा स्वतंत्र, त्याच फाइलमध्ये छापा. बासरीच्या घुमाऱ्याची शेपूट तालाच्या स्टेममध्ये राहिली, तर संवादाखाली बासरी बंद केल्यावरही ती ऐकू येत राहते.