खेळ बाहेरून येतो की नजरेत असतो?

पात्रिक झाँ यांचा 'पिक्सेल्स' (२०१०) हा फ्रेंच लघुपट म्हणजे खेळ आणि वास्तव यांच्या सरमिसळीचा सर्वोत्तम नमुना, असे म्हटले जाते. ते मला अर्धेच पटते. कचऱ्यात टाकलेल्या जुन्या टीव्हीतून निघालेले व्हिडिओ गेममधले ठोकळे न्यूयॉर्क गिळंकृत करतात, हे दिसायला देखणे आहेच. मात्र तिथे खेळ बाहेरून चाल करून येतो, त्यामुळे खेळ कोणता आणि शहर कोणते याविषयी प्रेक्षकाला शंका उरत नाही.

याउलट जेरुसलेमच्या बेझालेल अकादमीतील दोन विद्यार्थ्यांनी पदवीसाठी केलेला, जेमतेम आठ मिनिटांचा 'साइट' (२०१२) हा लघुपट पाहावा. त्यातील नायकाला डोळ्यांतल्या संगणकीय लेन्समुळे साधी काकडी चिरतानाही तिच्यावर आखलेल्या रेषा दिसतात आणि सुरी नेमकी पडली की गुण मिळतात. पुढे एका तरुणीला भेटतानाही तो लेन्समधल्या अॅपच्या सूचनांवरच विसंबतो, म्हणजे समोरच्या माणसाचा चेहराही त्याच्या लेखी खेळातला एक टप्पाच ठरतो. गंमत अशी, की लेन्स तिच्याही डोळ्यांत आहेत. त्यामुळे त्याच्या घरी गेल्यावर त्याच अॅपमधली त्याची खेळातली कमाई तिला दिसते आणि ती चिडून निघते.

त्यानंतर तो तिच्यावरच ताबा मिळवू पाहतो, ही कलाटणी मात्र मला उपरी वाटली. ती चिडून निघाली तिथेच लघुपट थांबवला असता तरी चालले असते.